दोन कोटी ८१ लाख बायका गेल्या कुठे?

१९६१च्या जनगणनेत भारतात ५ कोटी ९४ लाख स्त्रिया काम करणाऱ्या म्हणून नोंदल्या गेल्या. १९७१च्या जनगणनेत ३ कोटी १३ लाख. मधल्या दहा वर्षांत देशातल्या स्त्रियांची संख्या पाच कोटींनी वाढली आणि काम करणाऱ्या स्त्रिया मात्र २ कोटी ८१ लाखांनी घटल्या. शंभरातल्या अठ्ठावीस होत्या, त्या बारावर आल्या. त्या दशकात दोन युद्धं झाली, बिहारमध्ये मोठा दुष्काळ पडला, संकरित बियाणं आलं. पण लावणी-खुरपणीला बायकाच मिळेनाशा झाल्या, अशी ओरड कुठल्या गावातून झाल्याचं ऐकिवात नाही.

त्याच जनगणनेतला दुसरा आकडा दिसायला लहान होता. दर हजार पुरुषांमागे ९३० स्त्रिया. १९०१मध्ये त्या ९७२ होत्या.

हे दोन आकडे ज्या बाईंच्या टेबलावर येऊन पडले, त्यांनी पुढची जवळपास चाळीस वर्षं त्यांचा पिच्छा सोडला नाही. वीणा मजुमदार (१९२७-२०१३) हे नाव महाराष्ट्रात चळवळीच्या आणि विद्यापीठांच्या बाहेर फारसं कुणी घेत नाही. इला भट्ट आपल्याला ठाऊक असतात, कारण त्यांच्यामागे लाखोंची संघटना आणि बायकांची बँक उभी होती. मजुमदारांची ओळख मुख्यतः एका सरकारी अहवालाशी जोडलेली. म्हणून त्यांची कारकीर्द सांगायची तर आकड्यांच्या वाटेनेच जावं लागतं. गंमत अशी, की वरच्या दोन आकड्यांपैकी एक पुरता खरा होता आणि दुसरा अर्धामुर्धा. त्यांचं मोठेपण मला दिसतं ते या दुसऱ्या, अर्ध्या खऱ्या आकड्याच्या हाताळणीत.

आधी तो अहवाल कसा जन्मला ते. संयुक्त राष्ट्रांनी सदस्य देशांकडे स्त्रियांच्या स्थितीबद्दल अहवाल मागितला होता. आपल्याकडे असा अहवाल लिहायला माहितीच नव्हती, म्हणून २२ सप्टेंबर १९७१ रोजी केंद्रीय शिक्षण व समाजकल्याण मंत्रालयाने एक समिती नेमली. अध्यक्ष माजी मंत्री फूलरेणू गुहा. सदस्यांत दिल्ली विद्यापीठात कायदा शिकवणाऱ्या लोतिका सरकार होत्या, मुंबईच्या कामगार चळवळीतल्या मणिबेन कारा होत्या. पहिली दीड-दोन वर्षं काम रखडतच चाललं. १९७३मध्ये मजुमदार सदस्य-सचिव म्हणून आल्या. त्या राज्यशास्त्राच्या प्राध्यापक. पाटणा आणि बेऱ्हमपूरला शिकवलेलं, ऑक्सफर्डची डॉक्टरेट, विद्यापीठ अनुदान आयोगातली नोकरी. स्त्रीप्रश्नावर त्यांनी त्याआधी काही विशेष काम केलेलं नव्हतं. संविधानाने समान हक्क दिले, आपल्यासारख्या मुली शिकल्या, नोकऱ्या करू लागल्या, म्हणजे प्रश्न मार्गी लागला, अशीच आपली समजूत होती, हे त्यांनी पुढे अनेकदा मोकळेपणाने सांगितलं आहे.

समितीला अभ्यास पुरवले ते भारतीय सामाजिक शास्त्र संशोधन परिषदेने, आणि तिचे तेव्हाचे सदस्य-सचिव होते जे. पी. नाईक. कोल्हापूर जिल्ह्यातल्या बहिरेवाडीचे, गारगोटीच्या मौनी विद्यापीठाचे, कोठारी आयोगाचे नाईक. शिक्षणाच्या इतिहासात त्यांचं नाव घेतलं जातं. स्त्री-अभ्यासाच्या इतिहासातही ते तितक्याच ठळकपणे यायला हवं, कारण समितीसाठी देशभरातल्या अभ्यासकांना कामाला लावण्यामागे आणि समिती संपल्यावर मजुमदारांना परिषदेत आणून बसवण्यामागे हाच माणूस होता. ३१ डिसेंबर १९७४ला अहवाल सरकारच्या हाती पडला. नाव 'टुवर्ड्स इक्वालिटी', समानतेकडे. आतले आकडे नेमके उलट्या दिशेला निघालेले.

शंभर स्त्रियांत १९७१मध्ये १९देखील साक्षर नव्हत्या, पुरुषांत ३९. टक्का वाढत होता हे खरं. पण निरक्षर स्त्रियांची संख्या १९५१मध्ये १६ कोटी २० लाख होती, ती १९७१मध्ये २१ कोटी ५० लाखांवर गेली होती. टक्का वर चढतो आणि डोकी वाढत जातात. सरकारी प्रगतीपुस्तकात टक्का छापला जातो, हे आजही तसंच आहे.

आता तो ९७२ ते ९३०चा प्रवास. हजारामागे ४२ हा फरक किरकोळ वाटतो; माणसांत मांडला की वाटत नाही. १९०१मध्ये स्त्रिया पुरुषांपेक्षा सुमारे ३४ लाखांनी कमी होत्या, १९७१मध्ये सुमारे दोन कोटींनी. लोकसंख्या सव्वादोनपट झाली आणि तूट जवळजवळ सहापट. १९०१चं प्रमाण तसंच राहिलं असतं, तर १९७१च्या मोजणीत आणखी १ कोटी २० लाख स्त्रिया दिसायला हव्या होत्या. दर दहा वर्षांचे आकडे ओळीने लावले तर असे दिसतात: ९७२, ९६४, ९५५, ९५०, ९४५, ९४६, ९४१, ९३०. यातली सगळ्यात मोठी घसरण प्लेगच्या नाही, इन्फ्लुएन्झाच्या साथीच्या नाही, १९६१ ते १९७१ या दशकात आहे. पंचवार्षिक योजना चालू होत्या, दवाखाने वाढत होते, देवी आटोक्यात येत होती, आणि त्याच काळात हजारामागे एकदम ११ स्त्रिया कमी.

प्रगणकाला घरातल्या बायका-मुली सांगितल्याच जात नाहीत, म्हणून हा आकडा कमी दिसतो, हे स्पष्टीकरण तेव्हा सर्रास दिलं जाई. प्रवीण विसारिया यांनी ते आधीच तपासलं होतं. १९६१च्या जनगणनेसाठी लिहिलेल्या त्यांच्या प्रबंधाचा निष्कर्ष असा, की मोजणीतली गळती एवढी मोठी तफावत समजावून देऊ शकत नाही. स्त्रिया पुरुषांपेक्षा जास्त मरतात हे खरं कारण आहे. आयुर्मानाचे आकडेही तेच सांगत. विसाव्या शतकाच्या तिसऱ्या दशकात दोघांचं आयुर्मान जवळपास सारखंच, सत्तावीस वर्षांच्या आसपास. साठच्या दशकात दोघंही पंचेचाळीसच्या पुढे गेले, पण स्त्रिया सुमारे दीड वर्षाने मागे पडल्या. औषधं आली, ती आधी पुरुषांपर्यंत पोचली. दवाखान्यात कुणाला कधी न्यायचं हे घरात ठरत होतं, आणि त्या निर्णयांची बेरीज जनगणनेत उतरत होती.

हा आकडा खरा निघाला, आणि पुढे त्याने रूप बदललं. आज स्त्रियांचं आयुर्मान पुरुषांच्या पुढे आहे: २०१६-२०च्या नमुना नोंदणीनुसार ७१.४ वर्षं, पुरुषांचं ६८.६. त्यामुळे एकूण प्रमाण १९९१च्या ९२७वरून २०११मध्ये ९४३वर आलं. पण सहा वर्षांखालच्या मुलींचं प्रमाण त्याच काळात ९४५वरून ९१९वर घसरलं. जगलेल्या बाया जास्त जगू लागल्या आणि जन्माआधीच मुली वजा होऊ लागल्या. दोन्ही गोष्टी एकाच सरासरीत झाकल्या गेल्या. गर्भजलपरीक्षेविरुद्ध मुंबईत ऐंशीच्या दशकात चळवळ उभी राहिली आणि १९८८मध्ये गर्भलिंगनिदानावर कायदा करणारं महाराष्ट्र हे पहिलं राज्य ठरलं. केंद्राचा कायदा १९९४चा. कायद्यात पहिला नंबर मिळवलेल्या या राज्यात लहान मुलींचं प्रमाण १९९१मध्ये ९४६, २००१मध्ये ९१३, २०११मध्ये ८९४. ऊस आणि दूध दोन्हींनी गब्बर झालेला कोल्हापूर जिल्हा २००१मध्ये ८३९वर होता; २०११मध्ये बीड ८०७वर. अधूनमधून कुणी तरी राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीतला हजाराला १,०२० हा आकडा दाखवून प्रश्न सुटल्याचं जाहीर करतं. ती पाहणी घरात त्या वेळी हजर असलेल्यांची मोजणी करते, कामासाठी बाहेरगावी गेलेले पुरुष तिच्यात येत नाहीत. त्याच पाहणीत जन्मावेळचं प्रमाण ९२९ दिलेलं आहे. ते कुणी वाचत नाही.

आता दुसऱ्या, अडचणीच्या आकड्याकडे. ५ कोटी ९४ लाखांच्या ३ कोटी १३ लाख कशा झाल्या?

घसरणीची फोड केली की उत्तर समोर येतं. १९६१मध्ये स्वतःच्या किंवा घरच्या शेतात राबणाऱ्या, म्हणजे 'शेतकरी' या सदरात नोंदलेल्या स्त्रिया ३ कोटी ३१ लाख होत्या. १९७१मध्ये त्या उरल्या ९३ लाख. घरगुती उद्योगात, म्हणजे माग, विड्या, टोपल्या, मडकी यांत असलेल्या ४७ लाख होत्या, त्या १३ लाख झाल्या. आणि शेतमजूर स्त्रिया? त्या वाढल्या. १ कोटी ४२ लाखांवरून १ कोटी ५८ लाख. २ कोटी ८१ लाखांच्या घटीतला जवळपास ९७ टक्के वाटा एकट्या घरच्या शेताचा आणि घरच्या धंद्याचा. जिच्या हातात संध्याकाळी मजुरी पडत होती ती बाई जनगणनेत टिकली. जिच्या हातात काही पडत नव्हतं ती पुसली गेली.

पुसली कुणी? प्रश्नावलीने. १९६१चा नियम सैल होता: हंगामाच्या बहुतेक काळात दिवसाला तासाभराहून जास्त नियमित काम केलं, तर ती व्यक्ती कामकरी. १९७१मध्ये प्रत्येकाला त्याचं मुख्य काम विचारलं गेलं. दारात वही घेऊन उभा असलेला प्रगणक, उत्तर द्यायला घरचा कर्ता पुरुष. बायकोचं मुख्य काम काय? घरकाम. पहाटे गोठा, दुपारी खुरपणी, संध्याकाळी धार काढणं हे सगळं 'दुय्यम' या रकान्यात गेलं, किंवा कुठेच गेलं नाही. ती बाई बिगरकामकरी झाली.

म्हणजे दहा वर्षांत पावणेतीन कोटी स्त्रिया रोजगारातून बाहेर फेकल्या गेल्या, हे वाक्य बरोबर नाही. ते तरीही लेखांत, भाषणांत वर्षानुवर्षं येत राहिलं, आणि स्त्रियांच्या बाजूने बोलणाऱ्यांनीच ते अधिक वापरलं. समितीच्या अहवालात व्याख्येच्या बदलाची जाण आहे. तरी समितीने हा मुद्दा सोडून दिला नाही, आणि तसं करणं बरोबर होतं. कारण व्याख्या बाजूला ठेवली तरी लांब पल्ल्याचं चित्र वाईटच होतं. १९११मध्ये हजार कामकरी पुरुषांमागे ५२५ कामकरी स्त्रिया होत्या. सैल नियमाच्या १९६१मध्येही त्या ४६० होत्या, १९७१मध्ये २१०. आणि ज्यांची गणती झाली त्यांच्यातल्या ९४ टक्के असंघटित क्षेत्रात. ९४ टक्क्यांचा हा आकडा नंतर इतका वापरला गेला की तो कुठून आला हेच लोक विसरले.

उरलेल्या ६ टक्क्यांसाठी मात्र कायदे भराभर झाले. समान वेतनाचा अध्यादेश सप्टेंबर १९७५मध्ये निघाला, कायदा १९७६मध्ये आला. कागदावर तो सगळ्यांना लागू होता. प्रत्यक्षात तपासणी अधिकाऱ्याची जीप जाईल तिथपर्यंत. अहवाल संसदेत आला, जूनमध्ये आणीबाणी लागली, मेक्सिको सिटीत आंतरराष्ट्रीय महिला वर्षाची परिषद झाली. या धामधुमीत जाडजूड अहवाल कपाटात जाऊन पडला असता. तो पडला नाही, याचं श्रेय बऱ्याच अंशी मजुमदारांना आणि नाईकांना. संशोधन परिषदेने १९७५मध्ये अहवालाचा सारांश काढला, स्वस्तात वाटला. परिषदेत स्त्री-अभ्यासाचा कार्यक्रम सुरू झाला आणि तो मजुमदारांकडे सोपवला गेला. १९८०मध्ये त्यांनी लोतिका सरकार आणि इतरांबरोबर दिल्लीत सेंटर फॉर विमेन्स डेव्हलपमेंट स्टडीज ही संस्था काढली. पुढच्या वर्षी, एप्रिल १९८१मध्ये, स्त्री-अभ्यासाची पहिली राष्ट्रीय परिषद मुंबईत एसएनडीटी विद्यापीठात भरली. नीरा देसाईंनी तिथे १९७४मध्येच संशोधन केंद्र उभं केलं होतं. सहाव्या योजनेत स्त्रिया आणि विकास या विषयाला पहिल्यांदा स्वतंत्र प्रकरण मिळालं.

या सगळ्यात मला सर्वांत आवडणारा तपशील थोडा आडबाजूचा आहे. संशोधन परिषदेच्या त्या कार्यक्रमाने १९७९मध्ये घटत्या स्त्री-प्रमाणावर एक पुस्तक काढलं. लेखक अशोक मित्र, आयसीएस. म्हणजे १९६१च्या जनगणनेचे खुद्द जनगणना आयुक्त. स्त्रियांच्या बाजूने आकड्यांवर बोट ठेवायचं, तर आकडे गोळा करणारा माणूसच आपल्या बाजूला आणून बसवायचा. मजुमदारांच्या पद्धतीचा हा मासला. मोर्चाला त्यांची ना नव्हती, पण जनगणना कार्यालय, योजना आयोग, नमुना पाहणी संघटना, विद्यापीठ अनुदान आयोग ही त्यांची रणभूमी होती आणि तिथल्या फायलींची भाषा त्यांना येत होती.

आणि हळूहळू प्रश्न बदलले. १९८१च्या जनगणनेत मुख्य कामकऱ्यांच्या जोडीला 'सीमांतिक' कामकरी असा नवा वर्ग आला, वर्षातला थोडा काळ काम करणाऱ्यांचा. स्त्रियांचा एकूण सहभाग १९.७ टक्के निघाला. १९९१च्या प्रश्नावलीत 'गेल्या वर्षात कधीही काम केलं का' या प्रश्नापुढे एक कंस घातला गेला: घरच्या शेतात किंवा कौटुंबिक धंद्यात केलेलं बिनपगारी काम धरून. त्यासाठी स्त्री-संघटनांनी आणि संयुक्त राष्ट्रांच्या महिला निधीने बरीच खटपट केली, प्रगणकांसाठी प्रचारसाहित्य काढलं. आकडा २२.३ झाला, २००१मध्ये २५.६. शेतं तीच, कामही तेच. फरक पडला तो विचारण्यात. हे एकट्या मजुमदारांनी घडवलं असं म्हणणं चूक ठरेल. पण सरकारच्या व्याख्येला सरकारच्याच आकड्यांनी उत्तर देण्याची वाट त्या अहवालाने पाडली होती.

बायकांना काम नको असतं, हा समज खोडून काढणारा पुरावा याच काळात महाराष्ट्रात तयार होत होता. १९७२च्या दुष्काळात आणि पुढे वि. स. पागे यांच्या रोजगार हमी योजनेवर खडी फोडायला, बंधारे घालायला बायका मोठ्या संख्येने आल्या. पायी जाण्याच्या अंतरावर काम, कामाच्या मापावर मजुरी, बाईला वेगळा दर नाही. एवढ्या तीन अटी पाळल्या की जनगणनेत 'घरकाम' लिहिलेली बाई हजेरीपटावर उभी राहते. देशव्यापी रोजगार हमी योजनेतही तेच झालं. कायद्याने स्त्रियांसाठी एक तृतीयांश वाटा ठेवला, आणि २०२३-२४मध्ये एकूण मनुष्यदिवसांपैकी ५८ टक्क्यांहून अधिक स्त्रियांचे होते.

मजुमदारांनाही हेच ऐकायला मिळालं होतं. १९८०मध्ये पश्चिम बंगालच्या बांकुडा जिल्ह्यात, झिलिमिलीला, हंगामी मजुरीसाठी दरवर्षी घरदार सोडून पूर्वेकडे जाणाऱ्या आदिवासी स्त्रियांचं शिबिर झालं. त्यामागे तेव्हाचे भूसुधारमंत्री बिनॉय चौधरी होते. बायकांची मागणी सरळ होती. गावातच काम द्या, म्हणजे जावं लागणार नाही. त्यातून स्त्रियांच्या समित्या झाल्या, पडीक जमिनीवर अर्जुनाची झाडं लागली, त्यांवर टसर रेशमाचे किडे वाढू लागले. दिल्लीतल्या संशोधन संस्थेने खेड्यात रेशीम काढायचं, यावर तेव्हा नाकं मुरडली गेली असणार. पण व्याख्येचा वाद जमिनीवर कसा दिसतो, हे समजायला याहून चांगली जागा नव्हती.

एका बाबतीत त्या समितीतच अल्पमतात गेल्या. विधिमंडळात स्त्रियांना राखीव जागा असाव्यात का? समितीच्या बहुमताने नकार दिला. गावपातळीवर स्त्रियांच्या स्वतंत्र पंचायती असाव्यात, एवढी शिफारस केली. मजुमदार आणि लोतिका सरकार यांनी भिन्नमत नोंदवलं. संविधानाने दिलेल्या समान हक्कांवर वाढलेल्या पिढीला राखीव जागा कमीपणाच्या वाटत, आणि मजुमदार स्वतः त्याच पिढीतल्या. समितीच्या दौऱ्यांत जे दिसलं त्याने त्यांचं मत फिरलं. पुढचे आकडे त्यांच्या बाजूने गेले. महाराष्ट्राने १९९०मध्ये स्थानिक संस्थांत ३० टक्के जागा राखल्या, ७३व्या घटनादुरुस्तीने देशभर एक तृतीयांश, २०११पासून महाराष्ट्रात निम्म्या. आज देशातल्या पंचायतींत सुमारे ३१ लाख लोकप्रतिनिधी आहेत, त्यांत १४ लाखांहून अधिक स्त्रिया. जिथे राखीव जागा नाहीत त्या लोकसभेत २०२४मध्ये निवडून आल्या ७४. म्हणजे १३.६ टक्के, मागच्या खेपेपेक्षा चार कमी. सरपंचबाईंचे नवरेच कारभार करतात हा टोमणा खरा असतोही. पण खासदारकीपर्यंत पोचू न दिलेल्या बायकांचा कारभार कोण करतं, हे कुणी विचारत नाही.

आता आजचा आकडा. नियतकालिक श्रमशक्ती पाहणीनुसार १५ वर्षांवरच्या स्त्रियांचा श्रमशक्तीतला सहभाग २०१७-१८मध्ये २३.३ टक्के होता, तो २०२३-२४मध्ये ४१.७ टक्के झाला. सहा वर्षांत अठरा टक्क्यांची उडी. आधीच्या आकड्यावर अग्रलेखांत गळे काढले गेले, नंतरच्या आकड्यावर ढोल वाजले. १९७१ची फोड ज्याने पाहिली आहे त्याला दोन्हींबद्दल शंका यायला हवी.

ढोबळ हिशेब मांडू. प्रत्यक्ष काम करणाऱ्या स्त्रिया शंभरातल्या २२ होत्या, त्या ४० झाल्या. २२मध्ये पगारी नोकरीतल्या साडेचार. ४०मध्ये साडेसहाच्या आत. रोजंदारीवरच्या सहाच्या आसपास होत्या, त्या साडेसहा-सात झाल्या. 'स्वयंरोजगारा'तल्या मात्र साडेअकरावरून सत्तावीसवर गेल्या. नव्याने आलेल्या अठरांपैकी जवळपास सोळा इथल्या. आणि त्यांतल्याही निम्म्या घरच्या शेतात वा धंद्यात बिनपगारी मदतनीस. याच काळात काम करणाऱ्या स्त्रियांमधला शेतीचा वाटा ५७ टक्क्यांवरून ६४ टक्क्यांवर चढला. म्हणजे १९७१मध्ये गायब झालेली तीच बाई परत आली आहे. ती परत आली हे चांगलं, मोजणी सुधारली असणार. कोरोनाच्या टाळेबंदीनंतर घराचं उत्पन्न खचलं म्हणून काही जणी खरोखर अधिक राबू लागल्या, हेही असणार. दोन्ही कारणं एकमेकांत मिसळली आहेत. पण रोजगार वाढला असं म्हणायला ज्या अठरांकडे बोट दाखवलं जातं, त्यांपैकी पगार मिळू लागला तो दोघींना.

जिचं काम नोंदलं गेलं, तिच्या नावावर जमीन किती? २०१५-१६च्या कृषी गणनेत स्त्री खातेदार सुमारे १४ टक्के, आणि त्यांच्याकडचं क्षेत्र त्याहूनही कमी, १२ टक्क्यांच्या आसपास. शेतकरी संघटनेने १९८६च्या चांदवड अधिवेशनानंतर लक्ष्मीमुक्तीच्या मोहिमेत बायकोच्या नावे जमीन करून देण्याचं आवाहन शेतकऱ्यांना केलं होतं आणि काही हजारांनी ते मानलंही. सरकारी योजनेत जे जमलं नव्हतं ते चळवळीने थोडं तरी केलं. सातबारा मात्र अजून बहुतेक ठिकाणी पुरुषाचाच.

घरात जे उरतं त्याचा हिशेब वेळेच्या पाहणीत मिळतो. २०२४च्या पाहणीत बिनपगारी घरकामावर स्त्रिया दिवसाला २८९ मिनिटं घालवतात आणि पुरुष ८८. आकडे वाईट आहेत, पण खरे त्याहून वाईट आहेत. ही सरासरी ज्यांनी त्या दिवशी घरकाम केलं फक्त त्यांची. स्त्रियांत असं काम करणाऱ्या ८१.५ टक्के, पुरुषांत २७.१ टक्के. सगळ्या स्त्रिया आणि सगळे पुरुष धरून वाटणी केली तर बाईच्या वाट्याला सुमारे २३५ मिनिटं येतात, पुरुषाच्या वाट्याला २४. वर्तमानपत्रांत छापून आलेलं गुणोत्तर सव्वातीनास एक. खरं जवळपास दहास एक. २०१९च्या आणि २०२४च्या पाहण्यांत पुरुषांची मिनिटं ९७वरून ८८वर उतरली, ते वेगळंच.

२०२१ची जनगणना झाली नाही. पुढची १ मार्च २०२७ ही संदर्भतारीख धरून घ्यायची असं २०२५मध्ये अधिसूचित झालं आहे. लोकसभेत आणि विधानसभांत एक तृतीयांश जागा देणारी २०२३ची १०६वी घटनादुरुस्तीही पुढच्या जनगणनेनंतरच्या मतदारसंघ फेररचनेला बांधलेली आहे. या जनगणनेत कुटुंबांना मोबाइलवरून स्वतःची माहिती स्वतः भरण्याची सोय असेल. बहुतेक घरांत तो मोबाइल कुणाच्या हातात असेल, हे सांगायला पाहणीची गरज नाही. आणि जिथे प्रगणक दारात जाईल, तिथे त्याच्या प्रशिक्षणात बिनपगारी कामाचा तो कंस किती मिनिटं समजावून सांगितला गेला, यावर २०२७मध्ये भारतात किती बायका काम करतात हे बरंचसं ठरेल.